अद्भुतकथेसाठी कालयंत्र कसे रचावे : पंचगंगेच्या काठचा एक आराखडा

अद्भुतकथेत कालयंत्र आणायचे ठरले की नव्या लेखकाला पहिला प्रश्न पडतो तो यंत्र कुठवर जाईल याचा. ते शिवकाळात उतरेल की हजार वर्षांपुढच्या युगात, एका क्षणात पोहोचेल की त्याला रात्रभर लागेल, हे प्रश्न गैर नाहीत. पण त्यांचा क्रम नंतरचा आहे. पहिला प्रश्न हिशेबाचा असावा. यंत्राने जो वेळ थांबवला, साठवला किंवा मागे वळवला तो कोणाच्या वाट्याचा होता, आणि ज्याच्या वाट्याचा होता त्याचे पुढे काय झाले? या प्रश्नाचे उत्तर ज्याच्याकडे आहे त्याचे यंत्र साधेसुधे असले तरी वाचक त्यावर विश्वास ठेवतो. उत्तर नसेल, तर कितीही चक्रे, लोलक आणि निळा प्रकाश आणला तरी तिसऱ्या प्रकरणापर्यंत यंत्राची जादू ओसरते, कारण जे फुकट मिळते त्याची कोणाला धास्ती वाटत नाही.

असे एक यंत्र पायापासून कसे उभारावे ते येथे मांडतो आहे. नमुन्यासाठी कोल्हापूर आणि पंचगंगेचे खोरे घेतले आहे. अडवणे, साठवणे, पाळीने सोडणे आणि वेळेवर न सोडल्यास बुडणे हे सारे या खोऱ्यातील माणसांच्या रोजच्या बोलण्यात आहे, आणि कल्पित यंत्राला अशा बोलण्याचाच आधार लागतो.

आधी यंत्राची जात ठरवावी

कथांमधील कालयंत्रे ढोबळमानाने तीन प्रकारची असतात. काही माणसाला उचलून दुसऱ्या काळात नेऊन ठेवतात, काही घडलेले उलटे फिरवतात, आणि काही काळाचा ओघ एका जागी अडवून धरतात.

उलटे फिरवणारे यंत्र हाताळायला सर्वांत अवघड असते. नातवाने मागे जाऊन आपल्याच आजोबांचे लग्न मोडले तर तो नातू आला कोठून, हा पेच त्यातून सुटत नाही. त्यावर दोनच वाटा टिकतात. एक तर मागे गेलेल्याने जे केले ते आधीपासूनच घडलेल्यात धरलेले होते असे मानावे. नाहीतर त्याच्या कृतीने वेगळा काळ फुटला आणि मूळचा तसाच वाहत राहिला असे मानावे. दोन्ही वाटा एकाच कथेत वापरू नयेत. पहिल्या दहा पानांत एक निवडावी आणि ती शेवटपर्यंत सोडू नये.

वाहून नेणाऱ्या प्रकाराचा आपल्याकडे फार जुना दाखला आहे. भागवत पुराणात ककुद्मी राजा आपल्या रेवती या कन्येसाठी योग्य वर कोण हे विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तेथे गायन चालू असल्याने तो थोडा थांबतो, आणि गायन संपल्यावर त्याला कळते की तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली आहेत. त्याने मनात योजलेले सगळे वर, त्यांचे पुत्र आणि नातूही उरलेले नाहीत. पुढे रेवतीचा विवाह बलरामाशी होतो. या कथेची ताकद दोन गोष्टींत आहे. परतीची वाट बंद आहे, आणि किंमत राजाला एका वाक्यात, तोंडावर सांगितली जाते. नव्या लेखकाने ही एकेरी वाट जरूर अभ्यासावी.

या लेखात मात्र मी तिसरा प्रकार घेतो, अडवणाऱ्या यंत्राचा. त्यात एका माणसाच्या साहसापेक्षा एका खोऱ्याचे जगणे मावते, आणि माझ्या मते मराठी अद्भुतकथेला आज त्याची अधिक गरज आहे.

जागेतून यंत्र काढावे

पंचगंगा पाच नद्यांची मिळून झाली असे मानतात. त्यांपैकी कासारी, कुंभी, तुळशी आणि भोगावती या चार डोळ्यांना दिसतात. पाचवी सरस्वती गुप्त आहे, अशी श्रद्धा आहे. प्रयाग चिखलीच्या संगमावर उभे राहणाऱ्या कोणालाही हे ठाऊक असते. कल्पित विश्वासाठी याहून चांगला धागा शोधून सापडणार नाही. आपल्या विश्वात असे धरावे की ही पाचवी नदी खरोखर वाहते, आणि तिच्या पात्रातून पाण्याऐवजी काळ वाहतो. खोऱ्यातील प्रत्येक गावाला त्यातूनच दिवस मिळतात.

आता या गुप्त नदीवर बांधायचे काय? त्याचेही उत्तर येथेच आहे. कोल्हापूर पद्धतीचा बंधारा महाराष्ट्रभर प्रसिद्ध आहे. नदीच्या पात्रात ठरावीक अंतरावर दगडी किंवा काँक्रीटचे खांब उभे असतात आणि प्रत्येक खांबाच्या बाजूंना वरपासून खालपर्यंत उभ्या खाचा असतात. पावसाळा सरला की दोन खांबांमधल्या गाळ्यात एकावर एक फळ्या सरकवतात. त्यांना बरगे म्हणतात. जुन्या पद्धतीत बरग्यांच्या दोन ओळी असत आणि त्यांच्यामध्ये माती ठासून भरली जाई. पहिला बरगा तळाशी जाऊन बसतो तेव्हा पाणी त्याच्यावरून सहज उडी घेते. चौथा-पाचवा बसला की वरच्या अंगाला पाणी तुंबू लागते आणि खालच्या अंगाचा आवाज बदलतो. माती ठासल्यानंतरही कोठून तरी एखादी बारीक धार फुटलेली असते आणि माणसे ती हाताने चाचपून शोधतात. पुढच्या पावसाळ्याआधी हे बरगे काढून घ्यावे लागतात, नाहीतर पुराचे पाणी बंधाऱ्यावर आणि काठच्या जमिनींवर घाला घालते.

लेखकाने एकदा तरी हे काम प्रत्यक्ष पाहावे. पुस्तकातून उचललेल्या वर्णनात त्या बारीक धारेची जागा नसते, आणि कथेत नेमकी तीच उपयोगी पडते.

तर आपले यंत्र म्हणजे गुप्तेचा, त्या गुप्त नदीवरचा, बंधारा. खांब, खाचा, बरगे आणि मधली माती असे त्याचे चारच अवयव. खांब अचल आहेत, म्हणजे ज्या घटना कोणालाच हलवता येत नाहीत त्या: जन्म, मृत्यू, ग्रहणे, ऋतू. बरगे हलवता येतात, म्हणजे ज्या वेळा माणूस पुढेमागे करू शकतो त्या. मधली माती म्हणजे माणसांची संमती. ती सुकली की फटी पडतात. चारांपलीकडे पाचवा अवयव जोडण्याचा मोह टाळावा. वाचकाला यंत्र मनात उभे करता आले पाहिजे, आणि जे त्याने मनात उभे केले तेच बिघडल्यावर त्याला धक्का बसतो.

मापे पक्की करावीत

यंत्र काळाशी खेळणार असेल तर त्याचे माप मिनिटे आणि सेकंद असू नये. परक्या घड्याळाचे माप आले की अद्भुताचा रंग उतरतो. आपली मापे तयार आहेत. अहोरात्राच्या साठ घटिका, एका घटिकेची साठ पळे, एका पळाची साठ विपळे. घटिका २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचे, विपळ ०.४ सेकंदांचे. दोन घटिकांचा एक मुहूर्त म्हणजे ४८ मिनिटे, आणि साडेसात घटिकांचा एक प्रहर म्हणजे तीन तास. हे कोष्टक लिहून टेबलावर ठेवावे आणि कथेतील प्रत्येक अवधी त्यावर तपासावा.

घटिका मोजण्याचे साधन म्हणजे घटिकापात्र. पाण्याने भरलेल्या घंगाळात तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी सोडतात; छिद्रातून पाणी आत येत राहते आणि एका घटिकेत वाटी बुडते. आजही काही लग्नांत हे हौसेने मांडलेले दिसते. ते घरी करून पाहणे अवघड नाही, आणि यंत्र रचणाऱ्याने ते करूनच पाहावे. उभ्या कडांची पातळ वाटी घेतली तर आतल्या आणि बाहेरच्या पाण्याच्या पातळीतील फरक बुडेपर्यंत जवळजवळ सारखा राहतो, कारण वाटीचे वजन तोलून धरण्यास तेवढाच फरक लागतो. त्यामुळे पाणी एकाच गतीने चढते, आणि वाटीच्या आत साठ खुणा केल्या तर पळे वाचता येतात. अर्धगोल वाटीत हा फरक सारखा बदलत राहतो. तीही पूर्ण घटिका चांगली दाखवते, पण समान अंतरावरच्या खुणांनी तिच्यात अर्धी किंवा पाव घटिका बरोबर वाचता येत नाही.

या फरकाचा कथेत मोठा उपयोग आहे. गावकऱ्यांच्या घरी अर्धगोल वाट्या असाव्यात आणि बंधाऱ्याच्या राखणदाराकडे उभ्या कडांची एकच. घटिकेची चोरी गावाला लगेच कळेल. पळांची चोरी फक्त राखणदाराला दिसेल. सत्तेचा सगळा खेळ त्या एका वाटीत येतो, आणि त्यासाठी खलनायकाला काळे वस्त्र नेसवावे लागत नाही.

भास्कराचार्यांच्या कन्येची, लीलावतीची, आख्यायिका येथे आठवल्याशिवाय राहत नाही. तिच्या विवाहाचा एकच मुहूर्त होता. ती घटिकापात्रात डोकावली, अंगावरच्या दागिन्यातील मोती निसटून वाटीत पडला, छिद्र बुजले, वाटी बुडाली नाही आणि मुहूर्त कोणाच्या लक्षात न येता टळला. आख्यायिकेचे खरेखोटेपण बाजूला ठेवू. यंत्र रचणाऱ्याने तिच्यातून एवढे घ्यावे की माप थांबले म्हणून काळ थांबत नाही. बंधाऱ्यावर वेळ अडवला गेला आहे की नुसते मोजमाप तुंबले आहे, हा संशय कथेत एकदा तरी निर्माण झालाच पाहिजे.

भांडवल कोठून आणावे

आता हिशेबाच्या मुळाशी येतो. बंधाऱ्यात पहिला वेळ कोणाचा साठला?

कोल्हापूर सुमारे ७४ अंश १४ कला पूर्व रेखांशावर आहे, आणि भारतीय प्रमाणवेळ ८२ अंश ३० कला रेखांशावर बेतलेली आहे. दोहोंत सव्वाआठ अंशांहून थोडे अधिक अंतर पडते. सूर्याला एक अंश सरकायला चार मिनिटे लागतात, तेव्हा कोल्हापूरचा सूर्य प्रमाणवेळेच्या घड्याळाच्या सरासरी ३३ मिनिटे मागे असतो. घड्याळात बारा वाजतात तेव्हा येथे माध्यान्ह व्हायची असते. आपल्या मापात हे अंतर १ घटिका आणि सुमारे २३ पळे होते.

कल्पित विश्वात याचा अर्थ असा लावता येतो: ज्या दिवशी खोऱ्यातील घड्याळे सूर्य सोडून प्रमाणवेळेला लावली गेली, त्या दिवशी काटे पुढे सरकले आणि दर माणशी १ घटिका २३ पळे कोणीच जगले नाही. तो वेळ नाहीसा झाला नाही. तो गुप्त नदीत बेवारस वाहत राहिला, आणि बंधारा बांधणाऱ्यांनी प्रथम तोच अडवला. यात कोणाचे नुकसान नव्हते. म्हणून सुरुवातीची माणसे भली दाखवावीत, त्यांचा हेतू निर्मळ दाखवावा. हे भांडवल संपल्यावर बरगे काढून टाकायचे असे ठरले होते. ते काढले गेले नाहीत, आणि कथा तेथून सुरू होते.

यंत्र सूर्याशी जुळवून घेण्याचा दिवसही येथेच मिळतो. अंबाबाईच्या मंदिरातील किरणोत्सव नोव्हेंबरमध्ये ९, १० आणि ११ या तारखांना, आणि मग ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी या दिवसांत होतो. मावळतीचे किरण महाद्वारातून गाभाऱ्यापर्यंत येतात आणि चरणांपासून मुखापर्यंत चढतात. या दोन पर्वांच्या बरोबर मध्यावर २१-२२ डिसेंबरचे अयन, म्हणजे वर्षातील सर्वांत लहान दिवस, आहे, म्हणून दोन्ही वेळा सूर्य आकाशात जवळपास त्याच उंचीच्या वाटेने मावळतो. घड्याळ मात्र दोन्ही वेळा सारखे नसते. पृथ्वीची कक्षा किंचित लंबगोल आणि तिचा आस कललेला असल्यामुळे नोव्हेंबरच्या आरंभी सूर्य सरासरी वेळेच्या सुमारे १६ मिनिटे पुढे असतो आणि फेब्रुवारीच्या आरंभी १३-१४ मिनिटे मागे. परिणामी त्याच जागेवरची तिरीप फेब्रुवारीत घड्याळाने सुमारे अर्धा तास उशिरा येते. सूर्य तोच, कोन तोच, आणि घड्याळात सव्वा घटिकेचा फरक. बंधाऱ्याचा ताळेबंद या दोन पर्वांतच मांडला जातो असा नियम करावा. वर्षभर दडवलेली खोट तेव्हा उघडी पडते.

येथे एक मर्यादा सांगतो. मंदिर आणि मूर्ती यांना यंत्राचा अवयव करू नये. किरण सर्वांचे आहेत, ते घ्यावेत. लोकांच्या श्रद्धेचे स्थान कथेच्या सोयीसाठी चक्रात बसवणे मला योग्य वाटत नाही, आणि कथेलाही त्याची गरज नाही.

घडण कारागिरांच्या हातून व्हावी

अद्भुतकथांतील यंत्रे पुष्कळदा आयती सापडतात: गुहेत, तळघरात, ऋषीच्या आश्रमात. कोल्हापूरच्या लेखकाला तशी वेळ का यावी? बाबूराव पेंटर यांनी मूकपटांच्या जमान्यात परदेशी कॅमेरा परवडत नाही म्हणून हात टेकले नाहीत. त्यांनी तो याच शहरात स्वतः घडवला आणि १९१८ मध्ये दामले यांच्या साहाय्याने तो पुरा केला. चित्रपटाचा कॅमेरा हे काळाशी खेळणारेच यंत्र आहे. त्या काळी मूठ हाताने फिरवीत. ती हळू फिरवली की पडद्यावर माणसे धावू लागत, भरभर फिरवली की संथ होत. गती माणसाच्या मनगटात होती. आपल्या यंत्रातही काहीतरी असे मनगटावर अवलंबून असलेच पाहिजे.

लोखंडी खाचा कोठे ओतल्या हे सांगायला शहरातील कारखान्यांची वसाहत, उद्यमनगर, पुरेशी आहे. ओतकामाची रीत लेखकाने नीट समजून घ्यावी. आधी लाकडाचा पॅटर्न, म्हणजे नगाचा नमुना, करतात, त्याच्याभोवती वाळू ठोकून साचा घेतात, पोकळी हवी तेथे कोअर, म्हणजे वाळूचा गाभा, बसवतात, भट्टीतले वितळलेले लोखंड ओततात, निवल्यावर साचा फोडून नग काढतात आणि मग तो लेथवर चढतो. यातली मर्माची बाब अशी की बिडाचे लोखंड निवताना आकसते, मीटरला साधारण १० मिलिमीटर, म्हणजे शंभरात एक. म्हणून पॅटर्न करणारा आकसण्याची सूट आधीच धरून पॅटर्न मोठा घेतो.

आपल्या विश्वात हा नियम जसाच्या तसा काळाला लावावा. गुप्त नदीत उभे असलेले लोखंड लांबीऐवजी वयाने आकसते: शंभर दिवसांत एक दिवस. ऑक्टोबरपासून मे अखेरपर्यंत बरगे बसलेले असतील तर हंगामाच्या शेवटी खाच आणि बरगा यांच्यात जवळजवळ अडीच दिवसांची फट पडते. जुन्या मिस्त्रीने ही सूट पॅटर्नमध्ये धरली होती. त्याच्यामागून आलेल्यांनी खर्च वाचवायला ती सोडली. आता ते अडीच दिवस खालच्या काठाला झिरपतात आणि कोणत्याच वहीत नोंदले जात नाहीत. त्या बिनहिशेबी दिवसांत जे घडते ते वरच्या गावात कोणाला आठवत नाही. एवढ्या एका फटीतून स्वतंत्र उपकथानक उभे राहते, आणि ते कोठूनही ओढूनताणून आणलेले वाटत नाही.

खालच्या काठावर काय होते ते दाखवावे

वरच्या अंगाला वेळ तुंबला की तिथली माणसे निवांत होतात. त्यावर एक परिच्छेद पुरे. लेखकाची खरी कसोटी खालच्या काठावर, कृष्णेच्या संगमाच्या बाजूला, शिरोळच्या अंगाला लागते, कारण वेळ आटला म्हणजे नेमके काय झाले हे शब्दांत पकडणे कठीण आहे. तेथे ‘सगळे जणू गोठले होते’ असली वाक्ये लिहू नयेत. हाताला लागणाऱ्या कामातून ते दाखवावे.

गुऱ्हाळ घ्या. चरक्यातून रस निघतो आहे, काहील चुलाणावर चढली आहे, खाली चिपाडाचा जाळ पेटला आहे. मळी वर आली, ती काढून झाली. रसाला उकळी फुटली आहे आणि गुळव्या कडेला उभा राहून पाक केव्हा येतो ते पाहतो आहे. तो थेंब पाण्यात टाकतो, बोटांनी वळून पाहतो. गोळी होत नाही. पुन्हा जाळ घालतात. चिपाडाची गंजी निम्मी झाली, रस तेवढाच, फेस तेवढाच, थेंब तसाच विरघळतो आहे. जाळणाऱ्याचा घाम मात्र वाळत नाही. गुळव्या फावडे कडेला टेकवतो आणि बंधाऱ्याच्या दिशेने पाहतो. त्याला कारण ठाऊक आहे.

एवढे लिहिल्यावर नियम वेगळा सांगावा लागत नाही. वाचकाला कळते की खाली जाळ जळतो पण पाकाला लागणारा वेळ पोहोचत नाही; कष्ट खर्च होतात, फळ येत नाही. अशी तीन कामे निवडावीत. गूळ झाला, दुधाचे विरजण होईल, पेरलेल्या बियाण्याचा कोंब होईल. तिसऱ्यानंतर थांबावे.

मग हिशेबाची वही आणावी. पाण्याच्या पाळीची नोंद असते तशी वेळेच्या पाळीची नोंद: गाव, घर, सोडलेली पळे, अडवलेली पळे. वहीचा नियम एकच आणि कडक असावा: जमेला जेवढे, खर्चाला तेवढेच, एकही पळ नव्याने निर्माण होत नाही. एका बाजूला लिहायचे तर दुसऱ्या बाजूला कोणाचे तरी नाव घालावेच लागते. निवेदन प्रमाण मराठीत ठेवले तरी संवाद खोऱ्याच्या बोलीत असावेत, म्हणजे नियम आपोआप माणसांच्या तोंडी येतो. उदाहरणार्थ, खालच्या काठची एक बाई राखणदाराकडे आली आहे:

“तात्या, चार पळं तरी सोडा की खाली. पोरीचं लगीन हाय, अक्षता पडंस्तवर तरी.”

“सोडली असती गं आक्का. पर वहीत कुणाच्या नावावर मांडू, त्ये सांग.”

“माझ्याच मांडा.”

“तुझी कवाच संपल्यात.”

या चार ओळींत यंत्राची कार्यपद्धती, त्याची निर्दयता आणि राखणदाराचा संकोच हे सारे येते. त्यानंतर लेखकाने स्पष्टीकरणाचा परिच्छेद जोडू नये.

इशारा, धोका आणि आपोआप उघडणारे दरवाजे

साठवलेल्या वेळेला पातळी असते हे विसरू नये. पंचगंगेची पातळी राजाराम बंधाऱ्याजवळ मोजतात. ३९ फुटांना इशारा, ४३ फुटांना धोका. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैमध्ये पाणी ५५ फुटांच्याही वर गेले, आणि हे आकडे तेव्हापासून येथील लहान मुलांनाही पाठ आहेत. गुप्तेच्या बंधाऱ्यावरही अशाच दोन रेषा कोराव्यात. कथेतील सर्वांत महत्त्वाचे प्रसंग त्या दोन रेषांच्या मधल्या चार फुटांत घडवावेत. इशाऱ्याच्या आधी सगळे बेफिकीर असतात आणि धोक्यानंतर सगळे पळत असतात. मधल्या जागेत मात्र माणसे निवड करतात. कोणी धान्याची पोती माळ्यावर चढवतो, कोणी जनावरांची दावी सोडतो, एखादी म्हातारी घर सोडायला नकार देते.

शेवटची सोय यंत्रातच असावी, आणि ती कोणाच्या हुकमाची वाट पाहणारी नसावी. शाहू महाराजांच्या काळात ज्याचे काम सुरू झाले त्या राधानगरी धरणाला सात स्वयंचलित दरवाजे आहेत. धरण भरले की पाण्याच्या दाबानेच ते उघडतात आणि पातळी उतरली की मिटतात. कितवा दरवाजा उघडला याची बातमी पावसाळ्यात घरोघरी कान देऊन ऐकली जाते. आपल्या बंधाऱ्यालाही सात दरवाजे द्यावेत. राखणदार भ्रष्ट असो, राजा हट्टी असो, वेळ एका मर्यादेपलीकडे साठला की पहिला दरवाजा उघडतोच. अडवलेले दिवस मग ज्यांचे होते त्यांच्याकडे परत जातात, पण क्रमाने जात नाहीत. एखाद्याच्या अंगणात आधी दहा वर्षांपूर्वीची दिवाळी येते आणि मागाहून तिच्या आदल्या दिवसाची सकाळ. प्रत्येक दरवाजाबरोबर गोंधळ कसा वाढतो हे लेखकाने आधीच सात ओळींत लिहून ठेवावे. लिहिता लिहिता सुचेल यावर विसंबू नये. पूर लिहिताना सर्वांत जास्त शिस्त लागते.

कथेत यंत्र केव्हा आणावे

यंत्र पहिल्या प्रकरणात दाखवू नये. आधी गुऱ्हाळ दाखवावे, मग वही, मग उभ्या कडांची वाटी, आणि बंधारा स्वतः तिसऱ्या-चौथ्या प्रकरणात. तोवर वाचकाने त्याचे परिणाम भोगलेल्या माणसांना पाहिलेले असते. यंत्राची रचना सांगणारा एखादा पंडित कथेत घालण्याचीही गरज नाही. बरगे बसवणारा मजूर, पॅटर्न करणारा मिस्त्री आणि वही लिहिणारा राखणदार या तिघांना आपापला भागच ठाऊक असावा, आणि पूर्ण चित्र केवळ वाचकाच्या हाती जुळावे.

कथेला मुदत आपोआप मिळालेली आहे. जूनच्या पहिल्या आठवड्याअखेर मृग लागतो आणि त्याआधी बरगे निघाले पाहिजेत. म्हणून कथानक ऑक्टोबरपासून मृगापर्यंत आखावे, दोन्ही किरणोत्सव त्यात कोठे पडतात ते दिनदर्शिकेवर मांडावे, आणि फट किती दिवसांची झाली ते प्रत्येक महिन्यासमोर लिहावे. पहिला खर्डा पूर्ण झाल्यावर कथा बाजूला ठेवून फक्त वही पुन्हा लिहून काढावी: कोणाकडून किती पळे घेतली, कोणाला दिली, किती झिरपली. जेथे बेरीज जुळत नाही तेथे कथेतही हमखास एखादे पात्र कारणाशिवाय वाचलेले किंवा कारणाशिवाय मेलेले सापडते. तो प्रसंग बदलावा आणि वही पुन्हा मांडावी. सातवा दरवाजा उघडायचा की नाही, हे वही जुळल्यानंतरच ठरवावे.